पाकाल वारला तेव्हा ४० चा की ८० चा? हाडं बघणाऱ्या बाईचं लांबलचक उत्तर

प्रश्न असा आलाय: "पालेंकेच्या पाकाल राजाने ६८ वर्षं राज्य केलं आणि ८० व्या वर्षी गेला असं सगळे लिहितात. पण त्याच्या सांगाड्याचं वय तज्ज्ञांनी ४०-५० काढलं होतं ना? मग ८० ही सरळ थाप नाही का, राजे लोक काय वाट्टेल ते कोरून घेतात. आणि जाता जाता त्या झाकणावरच्या रॉकेटचंही कोणीतरी सांगा."

रॉकेटचं शेवटी (पाकालच्या शवपेटीच्या झाकणावर रॉकेट चालवणारा माणूस कोरलाय असं काही जण म्हणतात, ते). आधी माझ्याबद्दल दोन ओळी, म्हणजे माझं किती ऐकायचं ते तुम्हाला ठरवता येईल. मी गेली बावीस वर्षं उत्खननात निघालेल्या सांगाड्यांचं वय आणि लिंग ठरवायचं काम करते. पाकाल हा पालेंके या माया शहराचा सातव्या शतकातला राजा. त्याची हाडं मी हातात घेतलेली नाहीत, मेक्सिकोतल्या चियापासच्या त्या थडग्यात उतरलेलेही नाही, माया लिपीही मला वाचता येत नाही. छापून आलेला अभ्यास वाचलाय आणि माझ्या स्वतःच्या टेबलावर वयाच्या बाबतीत काय काय गोंधळ होतात ते पुरेपूर माहितीये. तारखांचं गणित मात्र येतं, ते कोणालाही येईल, खाली करून दाखवते.

तुमचा प्रश्न वरवर वयाचा आहे पण खरी अडचण अशी की दोन साक्षीदार एकमेकांच्या विरुद्ध बोलतायत आणि त्यातल्या कोणाचं ऐकायचं. आपण सवयीने धरून चालतो की हाडं खोटं बोलत नाहीत आणि राजे बोलतात. राजांचं बरोबर आहे. हाडंही खोटं बोलत नाहीत, पण ती वाचणारे आम्ही चुकतो, आणि म्हाताऱ्या माणसाच्या बाबतीत तर कायम एकाच बाजूला चुकतो, वय कमी सांगतो.

हे माझ्याकडूनच झालंय म्हणून सांगते. शिकत होते तेव्हा आमची एक परीक्षा असायची, वय माहिती असलेल्या देहांची हाडं लेबल झाकून समोर ठेवायचे. एका बाईचं वय मी मोठ्या आत्मविश्वासाने "४५ ते ५०" लिहिलं, दात बऱ्यापैकी शाबूत, सांधे ठीकठाक. लेबल उघडलं तर ७७. सर हसले नाहीत, फक्त म्हणाले, पुढच्या वेळी तुझ्या आजीचे गुडघे आठव. वर्गातल्या बहुतेकांचा आकडा पन्नाशीच्या आतच होता, ही गंमत.

असं का होतं? लहान मुलांचं वय हाडांवरून छान निघतं, कारण दात कधी येतात आणि हाडांची टोकं कधी जुळतात ते ठरलेलं असतं. वीस-पंचवीसनंतर वाढ संपते आणि उरते ती झीज. जघनास्थीचा पुढचा सांधा, कमरेच्या हाडाचा कानासारखा भाग, कवटीच्या शिवणी, फासळीचं टोक, दात, हे सगळं झिजतं पण प्रत्येकाचं वेगळ्या वेगाने. पोतं उचलणारा हमाल आणि गादीवर बसणारा माणूस यांची चाळिशी सारखी दिसत नाही. जुन्या पद्धतींमध्ये तर पन्नाशीनंतर सरळ "५०+" अशी टोपली होती, सगळे म्हातारे एकाच टोपलीत. शिवाय पद्धत ज्या सांगाड्यांवरून बनवली त्यात तरुण जास्त असतील तर ती पद्धत पुढच्या प्रत्येक सांगाड्याला थोडं तरुणपणाकडे खेचते. हे आता आमच्याकडे सगळ्यांना माहिती आहे, १९५२ साली नव्हतं.

आता १९५२ चं. आल्बेर्तो रूस लुइलिए या पुरातत्त्वज्ञाने पालेंकेच्या 'शिलालेखांच्या मंदिरा'त बघितलं की भिंती जमिनीशी थांबत नाहीत, फरशीच्या खाली जातायत, आणि एका फरशीला भोकं पाडून दगडी बुचं लावलीयेत. फरशी उचलली तर खाली राबिटाने गच्च भरलेला जिना. तो मोकळा करायला चार हंगाम गेले. जून १९५२ मध्ये ते मंदिराच्या फरशीपासून जवळपास २५ मीटर खाली पोचले, दाराबाहेर बळी दिलेल्या काही जणांची हाडं होती, आत कमानदार खोली, त्यात एक भलीमोठी दगडी शवपेटी, झाकणच जवळजवळ ३.८ मीटर लांब. ती पेटी त्या जिन्यातून उतरवणं शक्यच नाही, म्हणजे आधी पेटी ठेवली आणि वर पिरॅमिड बांधला, माणूस जिवंत असतानाच त्याच्या थडग्याचं काम सुरू झालेलं. हे ध्यानात ठेवा, कारण "दुसऱ्याच कोणाचं तरी प्रेत आत असेल" ही शंका इथे बरीच पातळ होते. आतला माणूस जेडच्या मुखवट्यात, गळ्यात-हातात जेड, एका मुठीत जेडचा घन, दुसरीत जेडचा गोळा, आणि हाडांवर लाल हिंगूळ.

दावालोस उर्तादो आणि रोमानो पाचेको या दोन मानववंशशास्त्रज्ञांनी सांगाडा बघितला आणि ४० ते ५० वय दिलं. दमट जंगलातली खोली, हाडं खराब झालेली, पेटीच्या आत वाकून बघायचं. अशा परिस्थितीत त्या काळाच्या पद्धतीने मीही तेच लिहिलं असतं, त्यांना नावं ठेवायचा माझा काही हेतू नाही. त्यांच्या मताला मोठा आधार होता तो दातांचा, दात फारसे झिजलेले नव्हते.

दातांवर माझा सगळ्यात कमी विश्वास. दात वयाने कमी आणि जेवणाने जास्त झिजतात. जुन्या वस्त्यांमधले सांगाडे बघितले की पंचविशीतल्या माणसाचेही दात सपाट झालेले दिसतात, दगडावर दळलेल्या धान्यात कच असते ना. माया लोकही मका दगडी पाट्यावरच वाटायचे, त्यामुळे सामान्य माणसाचे दात झिजणारच. पण बाराव्या वर्षापासून राजा असलेल्या माणसाच्या ताटात काय पडायचं? चुन्याच्या पाण्यात भिजवून मऊ केलेला मका, बारीक वाटलेला, वाफवलेला, पेजेसारखा. म्हणजे राजाचे दात "तरुण" दिसणं हे वयापेक्षा स्वयंपाकघराबद्दल जास्त सांगतं. अर्थात किती मऊ खाल्लं यावर अवलंबून आहे, म्हणून निव्वळ दातांवरून मी ८० ही म्हणणार नाही.

या शतकाच्या सुरुवातीला वेरा तिस्लर आणि आंद्रेआ कुचिना यांच्या टीमने तो सांगाडा परत बघितला, सूक्ष्मदर्शकाखालीही आणि नवीन सांख्यिकी पद्धतींनीही, जेन बुइकस्ट्रांसारख्या नावाजलेल्या बाई त्यात होत्या. निष्कर्ष असा की माणूस चांगला म्हातारा होऊन गेलाय, ४० चा आकडा टिकत नाही. बरोब्बर ८० असं हाडं सांगू शकत नाहीत, कोणाचीच सांगू शकत नाहीत, पण ८० ला आडवं जाणारंही त्यात काही नाही. माझ्या धंद्याचं म्हणणं इथे संपतं. पुढचं दगडावरच्या लेखांनी सांगायचं.

आता ते गणित. माया लोकांची एक तारीख दोन चक्रांची असते, एक २६० दिवसांचं आणि एक ३६५ दिवसांचं. दोन्ही चाकं एकत्र फिरली की तीच जोडी परत यायला १८,९८० दिवस लागतात, म्हणजे जवळपास ५२ वर्षं. पाकालच्या झाकणाच्या कडेवर अशाच तारखा आहेत: जन्म ८ अहाव १३ पोप, मृत्यू ६ एत्सनाब ११ याश. यात शतक कुठे लिहिलेलं नाही. म्हणून या दोन तारखांमधलं अंतर ८० वर्षं असेल, किंवा त्यातून एक चक्र वजा करून २८, किंवा एक चक्र जास्त धरून १३२. बघा, ४० किंवा ५० या यादीत बसतच नाही! म्हणजे सांगाड्याचा जुना आकडा मानायचा तर लेख "फुगवलेला" नाही, पूर्णच चुकीचा वाचलाय असं म्हणावं लागतं.

मग २८ की ८०? याचं उत्तर वरच्या मंदिरातल्या तीन मोठ्या शिळांवर आहे, एकूण ६१७ चिन्हं, माया जगातला सगळ्यात लांब लेखांपैकी एक. तिथे राजा स्वतःला काळाच्या मोठ्या मोजणीला बांधून घेतो. ती मोजणी अशी: २० दिवसांचा विनाल, ३६० दिवसांचा तुन, ७,२०० दिवसांचा कातुन, १,४४,००० दिवसांचा बाकतुन, आणि असे २० बाकतुन झाले की पिकतुन, २८,८०,००० दिवस. पहिला पिकतुन भरणार इ.स. ४७७२ च्या ऑक्टोबरात. लेख म्हणतो की माझ्या राज्यारोहणाची तीच ५ लामात १ मोल ही तारीख, ५२ वर्षांच्या ८० चक्रांनंतर, पिकतुन भरल्यावर आठव्या दिवशी येईल. हो, चार हजार वर्षांनंतरचा वाढदिवस कोरून ठेवलाय गड्याने. (म्हणून २०१२ ला माया लोकांनी जगबुडी सांगितली होती म्हणणाऱ्यांना मी ४७७२ दाखवते.)

कॅल्क्युलेटर घ्या. ८० गुणिले १८,९८० म्हणजे १५,१८,४००. पिकतुन अधिक आठ दिवस म्हणजे २८,८०,००८. वजा करा, उरले १३,६१,६०८. हा राज्यारोहणाचा दिवस, मोठ्या मोजणीत ९.९.२.४.८ (म्हणजे ९ बाकतुन, ९ कातुन, २ तुन, ४ विनाल, ८ दिवस), जुलै ६१५. जन्म ते राज्यारोहण यातलं अंतर लेखातच दिलंय, १२ तुन ९ विनाल ८ दिवस, म्हणजे ४,५०८ दिवस, सव्वाबारा वर्षं. ते वजा केलं की जन्म मार्च ६०३. मृत्यू ऑगस्ट ६८३. सगळं मिळून २९,३७८ दिवस, ८० वर्षं आणि पाच महिने. जन्म एक चक्र पुढे ढकलला की हा पूर्ण हिशोब मोडतो, कुठेच जुळत नाही. (वेगवेगळ्या ठिकाणी तारखेत दोन-तीन दिवसांचा फरक दिसेल, तो ज्युलियन-ग्रेगोरियनचा आणि माया मोजणी आपल्या कॅलेंडरला कशी जोडायची त्याचा आहे, वयाला त्याने काही होत नाही.)

इथे तुम्ही म्हणाल, गणित बरोबर असलं म्हणून खरं कशावरून, हिशोबनीस हुशार असेल. रास्त आहे. मग आजूबाजूची माणसं बघायची. मोठा मुलगा कान बाहलाम याचा जन्म ६३५ चा. पाकाल ४० व्या वर्षी गेला असेल तर त्याचा जन्म ६४३ चा, म्हणजे मुलगा बापापेक्षा आठ वर्षांनी मोठा. ५० धरलं तर बाप झाला तेव्हा हे साहेब दोन वर्षांचे. लग्न ६२६ चं, राणी त्साकबू अहाव, ती ६७२ ला गेली. १९९४ ला शेजारच्या मंदिरात जी 'लाल राणी' सापडली, हिंगुळाने माखलेली, ती बहुतेक हीच आणि हाडांवरून ती पन्नाशी-साठीतली बाई आहे. सोळाव्या-सतराव्या वर्षी लग्न आणि पुढे ४६ वर्षांचा संसार, बसतंय की.

अजून एक, जे मला सगळ्यात पटतं. कान बाहलाम गादीवर आला ६८४ च्या जानेवारीत, ४८ वर्षांचा होऊन. त्याच्यानंतर भाऊ कान होय चिताम, ७०२ ला, ५७ वर्षांचा. तिसरा भाऊ तर बापाच्या आधीच ६८० ला गेला. युवराजांचे केस पिकेपर्यंत बाप हटत नाही, ही खरोखर लांबलेल्या राज्याची खूण आहे, खोटं रचणाऱ्याला हे सुचत नाही. आणि हे निव्वळ पालेंकेच्या घरचं लिखाण नाही, शेजारचं शत्रूराज्य तोनिना, त्यांनी ७११ ला कान होय चितामला पकडलं आणि स्वतःच्या शहरात त्याला दोरीने बांधलेला कोरून ठेवला. शत्रूला पालेंकेची वंशावळ सांभाळायचं काय पडलंय.

आता तुमच्या दुसऱ्या मुद्द्याकडे, राजे काय वाट्टेल ते कोरतात. कोरतात, पण वाट्टेल ते नाही, गरज असेल ते. एखाद्या लेखावर विश्वास ठेवायचा का, हे मी असं बघते की हे वाक्य खोटं लिहून या माणसाला काय मिळणार होतं. पाकालला वय वाढवून काय मिळणार? बारा वर्षांचं पोरगं आईच्या पदराआडून राज्य करायला लागलं, ही काही मिरवायची गोष्ट नाही, तरी त्याने ती राजवाड्यात शिळेवर कोरून घेतली, आई साक कुक त्याला मुकुट देतेय आणि हा दोन तोंडांच्या जग्वारच्या आसनावर बसलाय.

त्याची दुखरी नस वेगळीच होती. वडील कान मो हिश राजे नव्हते, गादी आली ती आईकडून, आणि आली तीही पडझडीत. ५९९ आणि परत ६११ ला सापाचं चिन्ह लावणाऱ्या काआन घराण्याने (यांची राजधानी पुढे कालाकमुलला होती) पालेंकेवर हल्ला केला. ६१२ ला घरातले दोन कर्ते पुरुष गेले. ६१३ ला कातुन भरला तेव्हा देवांचे विधी धड झाले नाहीत, बाईही हरवली, राजाही हरवला, असं पाकालच्याच मंदिरातला लेख म्हणतो. स्वतःच्या शहराची नामुष्की कोण कोरतं? ज्याला पुढे म्हणायचंय की मी आलो आणि घडी परत बसवली, तो. म्हणजे प्रचार आहे, पण खऱ्या घटनेवर उभा आहे.

थाप कुठे आहे ते सांगते. ६१२ ते ६१५ गादीवर असलेल्या व्यक्तीचं नाव येतं मुवान मात, आणि हेच नाव पालेंकेच्या देवांच्या आदिमातेचं, जिचा जन्म कान बाहलामच्या लेखांत इ.स.पू. ३१२१ चा दिलाय आणि राज्यारोहण आठशे वर्षांनंतरचं. ती ६१२ ची व्यक्ती म्हणजे आई साक कुकच का, यावर अभ्यासकांत एकमत नाही, पण आई आणि देवी एकमेकींत मिसळून टाकल्यात असं मलाही वाटतं. बापाकडून हक्क नाही तर आईलाच देवाच्या रांगेत नेऊन बसवा. संशय घ्यायचाच तर इथे घ्या.

आणि हो, ६८ वर्षांचं राज्य म्हणजे ६८ वर्षं एकट्याचा कारभार असं डोळ्यासमोर आणू नका. आई ६४० ला गेली, वडील ६४३ च्या सुमारास. पाकालच्या नावावरचं पहिलं तारखेचं बांधकाम ६४७ चं, गादीवर बसून ३२ वर्षांनी! मग एकदम धडाका, ६५४ ला राजवाड्यातली ती पांढरी रंगवलेली इमारत, ६५९ ला कैद्यांच्या नोंदी, पुढे अजून इमारती, आणि शेवटी स्वतःचं थडगं, जे मुलाने पूर्ण केलं. पहिली तीस वर्षं आई-वडीलच गाडा हाकत असावेत, हा माझा अंदाज आहे, पुरावा याहून जास्त नाही.

तर थोडक्यात तुमच्यासाठी: ४०-५० हा आकडा जुन्या पद्धतीचा आणि मऊ जेवणाचा मिळून झालेला घोळ, नवीन तपासणीत माणूस म्हातारा निघालाय, तारखांमध्ये ४० बसतच नाही, आणि बायको-मुलांचे हिशोब फक्त ८० लाच जुळतात. रूस साहेबांना मात्र हे शेवटपर्यंत पटलं नाही, ते १९७९ ला गेले आणि त्यांची समाधी त्याच मंदिरासमोर आहे.

आता रॉकेट. झाकणाचा फोटो बहुतेक वेळा आडवा दाखवतात, म्हणून माणूस हँडल धरून पुढे वाकलेला वाटतो. फोटो उभा करा. खाली पाताळाचा हाडांचा जबडा, त्यातून वर आलेलं विश्ववृक्षाचं झाड, झाडावर पक्षी, फांद्यांवर दोन तोंडांचा साप, आणि जबड्याच्या तोंडाशी मक्याच्या देवाच्या वेषातला पाकाल, मक्यासारखाच जमिनीत जाऊन परत उगवणारा. नाकापाशी जी "ऑक्सिजनची नळी" सांगतात तो नाकातला दागिना आहे, असा दागिना माया शिल्पांत ढिगाने दिसतो. आणि हे लोक पेटीच्या बाजू कधी दाखवत नाहीत. तिथे त्याचे आई, वडील आणि आधीचे राजे-राण्या जमिनीतून उगवतायत, प्रत्येकाच्या पाठीमागे एकेक फळझाड, कोको, पेरू, अॅव्होकाडो. आई, वडील आणि योहल इकनाल ही जुनी राणी, या तिघांना तर दोन-दोनदा काढलंय, बाकी कोणालाच नाही. रॉकेटला पेरूची झाडं कशाला लागतात ते मला अजून कोणी सांगितलेलं नाही.